ग्रंथाचा यंदाचा आवाज

शिरसवाडीच्या डोक्यावरचा कडा एका जुन्या ग्रंथाने तोलून धरला आहे आणि त्याबद्दल ग्रंथाला दरवर्षी गावातला एक आवाज द्यावा लागतो. ग्रंथाचं नाव 'ध्वनिधारण'. चैत्रात तो ग्रामपंचायतीच्या सभागृहात उघडायचा आणि ठरलेला आवाज त्याच्या पानावर करायचा. पान तो आवाज पिऊन टाकतं, कडा वर्षभर जागचा हलत नाही. तो आवाज मग गावात उमटत नाही, एवढंच.

असे पुष्कळ आवाज गेले. रहाटाची करकर गेली, कल्हईवाल्याचा भाता गेला, जात्याची घरघर गेली. जातं अजून फिरतं, पीठही पडतं, पण म्हाताऱ्या बायका दळता दळता थांबतात आणि काहीतरी हरवल्यासारख्या इकडेतिकडे बघतात. ग्रंथाला तसंच लागतं. ज्याच्यावाचून कुणाचा जीव कासावीस होत नाही, असला आवाज त्याला चालत नाही. मागच्या वर्षी सरपंच अण्णा ढवणांनी घरच्या कुकरची शिट्टी देऊन भागवलं, तर कडा वीतभर खाली आला आणि तालमीच्या भिंतीला तडा गेला.

म्हणून यंदा ध्वनिसमितीने हिरामणच्या घंटेचं नाव काढलं.

हिरामण घोणे सायकलवर कुल्फी विकायचा. दुपारी त्याची पितळी घंटा वाजली की निजलेलं गाव उठून बसायचं. माघात तो काविळीने गेला. त्याचा धाकटा भाऊ निवृत्ती, चौथीतच शाळेला रामराम ठोकलेला आणि डोक्याआधी हात चालणारा, तेव्हापासून रोज रिकाम्या पेटीची सायकल घेऊन घंटा वाजवत गावभर हिंडायचा. पोरं धावत बाहेर यायची. "कुल्फी नाही," तो सांगायचा, "नुसतं ऐका."

समितीच्या चिटणीस गुळवणीबाई त्याच्या दारी आल्या.

"निवृत्ती, तुझ्या दुःखाची समितीला जाणीव आहे. पण कडा वर आहे आणि गाव खाली."

"मग माझं घोरणं घ्या की! रात्रभर घोरतो मी. आईला विचारा, डोळ्याला डोळा लागत नाही तिचा."

"म्हणजे ते गेलं तर ती पेढे वाटेल. चालणार नाही."

निवृत्तीने पायातली चप्पल काढून भिंतीवर हाणली. "दादाचे कपडे वाटून टाकले, खाट उचलून नेली. आता एवढंच राहिलंय, तेही न्या!"

बाईंनी चप्पल उचलून दुसरीच्या शेजारी ठेवली. "येताना घंटा पुसून आण," त्या म्हणाल्या.

पौर्णिमेला सकाळी सभागृह गच्च भरलं. बाईंनी ग्रंथ उघडून जुन्या ओळी पाढ्यांच्या चालीत वाचल्या. वर कडा कुरकुरला. निवृत्तीने घंटा पानावर धरली. लहानपणी हिरामण त्याला सायकलच्या नळीवर बसवून ती वाजवू द्यायचा आणि म्हणायचा, "हळू रे, लोक जेवतायत." ते आठवलं आणि त्याचा हात लाकडासारखा झाला.

"वाजव," अण्णा कुजबुजले. "अरे, वाजव की बाबा! कडा काय आपल्यासाठी थांबतोय होय?"

घंटा वाजली नाही. निवृत्तीच्या तोंडून हंबरडा फुटला, "दादाऽऽ!"

पानाने तो पिऊन टाकला. कडा चांगला दोन हात मागे सरून बसला. इतका मागे तो आजोबा-पणजोबांच्या काळातही गेला नव्हता.

"आवाज स्वीकारला गेला आहे," बाईंनी जाहीर केलं. "घंटा परत."

काय झालं ते लोकांना बाहेर पडल्यावर कळलं. धाकट्या बहिणी भावांना हाक मारायला गेल्या, तर नुसते ओठ हलले. एसटीच्या कंडक्टरला गावात शिरल्यावर "दादा, जरा पुढं सरका" यातलं "दादा" तेवढं म्हणता येईना. दुपारपर्यंत माणसं निवृत्तीच्या दारात जमली.

"माझी पोरगी थोरल्याला सकाळपासून खडे मारून बोलावतेय," पारूबाई म्हणाली. "घंटा वाचवलीस आणि पोरांची तोंडं बांधलीस, मुडद्या!"

"मला तरी कुठं म्हणता येतंय?" निवृत्ती म्हणाला.

गुळवणीबाईंनी ग्रंथ पुन्हा चाळला. "दिलेलं परत मिळत नाही," त्या म्हणाल्या. "मात्र ग्रंथाचा अंमल शिवेपर्यंतच आहे. ओढ्यापलीकडे हवी तेवढी हाक मारा."

तेव्हापासून संध्याकाळी शिरसवाडीतली धाकटी भावंडं ओढा ओलांडून जातात. थोरलेही बरोबर जातात, कारण हाक मारायची तर समोर माणूस हवा. कुणी दिवसभराच्या तक्रारी सांगतं. सोपानराव काठी टेकत येतात, आपल्याहून म्हाताऱ्या भावाला एकदाच हाक मारतात आणि दोघं घरी जातात.

निवृत्ती बरेच दिवस तिकडे फिरकला नाही. त्याचं तिथं कोण होतं? मग एकदा काय मनात आलं कुणास ठाऊक, सायकल ढकलत तो ओढ्यात उतरला आणि पलीकडे गेला. लोकांनी वाट दिली. त्याने सायकल स्टँडवर लावली, उघड्या माळाकडे तोंड केलं आणि बेंबीच्या देठापासून हाक मारली, "दादाऽऽ!"

ओढ्याकाठच्या सगळ्या थोरल्यांनी वळून पाहिलं आणि ते म्हणाले, "ओ."