पार्ककाकांचा पिक्चर

आमच्या सोसायटीत भांडण लागलं की पार्ककाका घरातून खुर्ची घेऊन खाली येतात. सोडवायला नव्हे, ऐकायला. एकदा पार्किंगवरून माझी आणि वरच्या मजल्यावरच्या कुलकर्ण्यांची चांगलीच जुंपली होती. काकांनी सगळं मन लावून ऐकलं आणि हात वर करून मला म्हणाले, "लई लांबलं. 'बघून घेतो' म्हनायचं आन् निगायचं. तुमी निगतच न्हाई!"

कुलकर्ण्यांना हसू फुटलं. भांडण तिथंच संपलं.

काका कोरियाचे. मुलगी सुजिन इकडे नोकरीला आली, तिच्याबरोबर तेही भुकूमला आले. त्यांना मराठी शिकवली ती घरकामाला येणाऱ्या शेवंताबाईंनी. बाई इथल्याच माले गावच्या, त्यामुळे काकांच्या तोंडी अस्सल मावळी बोली. मी लातूरचा. फोनवर भावाला मी 'काय करलालास?' म्हटलेलं ऐकून हा कोरियन माणूस मला सांगतो, "नीट बोला की जरा!"

तिकडे ते सिनेमे लिहायचे. पुढे निर्माते झाले. का? तर, "दुसरं कुनी घेईना, मग मीच घेतला." एक पिक्चर सोमवारी लागला आणि गुरुवारी उतरला. दुसऱ्याच्या पोस्टरवर त्यांचं नावच चुकलं, "आन् त्योच जरा बरा चालला!" हे सगळं ते मजेत सांगायचे. पण एखादा दाखवा म्हटलं की, "कापी न्हाई," आणि विषय बदलायचे.

शेवटी सुजिननेच त्यांच्या एका जुन्या सहकाऱ्याकडून एक सिनेमा मिळवला आणि काकांच्या सत्तराव्या वाढदिवसाला, रविवारी दुपारी, क्लबहाउसमध्ये लावला. वीसेक माणसं जमली. भाषा कुणालाच कळेना. मग काका टीव्हीशेजारी उभे राहिले आणि एकेका पात्राचं बोलणं मराठीत म्हणून दाखवू लागले. पडद्यावरचा सुटाबुटातला कारखानदार नोकराला म्हणाला, "आरं, कुटं उलथला हुतास?" हसून हसून आमची पोटं दुखायला लागली.

मग पडद्यावर एक बंदर आलं. डोक्याला रुमाल बांधलेली एक बाई धक्क्यावर उभी होती. तिने वळून काहीतरी विचारलं.

काका मराठीत सांगायचं सोडून पडद्याकडेच बघत राहिले.

"आवो, ती काय इचारतीया?" शेवंताबाई म्हणाल्या.

"'घरी कदी येनार', म्हनतीया," काका हळूच म्हणाले. "बायको हाय माजी. त्या दिशी नटी आलीच न्हाई, म्हनून हिला हुबं केलं. हिनं पिच्चर बगितलाच न्हाई. सुजिनला ताप हुता. ताप उतरला, तवर पिच्चर बी उतरला."

काकू जाऊन सहा वर्षं झाली होती, एवढंच आम्हाला माहीत होतं. त्यांचा चेहरा आम्ही पहिल्यांदाच पाहत होतो.

शेवंताबाई म्हणाल्या, "सुजिनताई, मागं घ्या की. परत बगू."

सुजिनने मागे घेतलं. काका आता आमच्यात येऊन बसले, पहिल्या रांगेत, अगदी पुढे सरकून. काकू पुन्हा वळल्या, पुन्हा तेच विचारलं. काका कोरियनमध्ये एकच शब्द बोलले.

सुजिन माझ्या शेजारी उभी होती. तिचे डोळे भरले होते.

"काय म्हणाले?" मी विचारलं.

"आलोच, म्हणाले."