कर्णिकांचे सात चौरस फूट

पासबुकात वर्षाची नोंद करून आणायची, एवढंच विद्याधर कर्णिकने त्या शनिवारी ठरवलं होतं. कचेरी अर्धा दिवस, दुपार मोकळी, आणि घराच्या कर्जाचा बारावा हप्ता नुकताच भरलेला. कर्ज किती खाली आलं ते एकदा डोळ्यांनी पाहावं, जिवाला बरं वाटेल, असा साधा हिशेब होता. (जिवाला बरं वाटावं म्हणून केलेल्या गोष्टीच माणसाला महागात पडतात. मुद्दाम वाईट करायला गेलेली माणसं सुखरूप घरी परततात.)

साल पंचावन्न. अंधेरीत आंबोलीच्या अलीकडे नव्या इमारतीत तळमजल्यावर विद्याधरने ब्लॉक घेतला होता. दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि लांबलचक गॅलरी, मिळून चारशे चौरस फूट. किंमत बारा हजार. त्यातले आठ हजार एका पतपेढीकडून, सहा टक्के व्याजाने, वीस वर्षांच्या मुदतीवर. उरलेले चार हजार 'घरातून उभे केले' असं तो कचेरीत सांगे, आणि सांगताना छाती थोडी पुढे येई. दरमहा हप्ता सत्तावन्न रुपये पाच आणे.

वर्षाचे झाले सहाशे सत्त्याऐंशी रुपये बारा आणे. तेव्हा कर्ज उरायला हवं सात हजार तीनशे बारा रुपये चार आणे. पासबुकात होतं सात हजार सातशे शहाऐंशी रुपये सात आणे.

आता विद्याधर होता विमा कंपनीत हेडक्लार्क. लोकांच्या हिशेबातल्या चुका लाल पेन्सिलीने धरण्यात त्याची हयात चालली होती. पतपेढीच्या कारकुनाची एवढी ढळढळीत चूक सापडल्यावर तो आनंदाने खिडकीशी गेला. कारकून म्हातारा होता, घाई कशाचीच नव्हती. त्याने शांतपणे सांगितलं की, पहिल्या हप्त्यातले चाळीस रुपये व्याजाचे आणि सतरा रुपये पाच आणे मुद्दलाचे. दुसऱ्यात मुद्दल एका आण्याने जास्त. असं करत करत वर्षात कर्ज फिटलं दोनशे तेरा रुपये नऊ आणे. बाकीचं व्याज.

"आणि वीस वर्षांचे एकूण किती होतात?" विद्याधरने विचारलं.

कारकुनाने पाठकोऱ्या कागदावर गुणाकार केला आणि कागद त्याच्याकडे वळवला. तेरा हजार सातशे पंचावन्न. विद्याधरचे डोळे पांढरे झाले. दिवसभर दुसऱ्यांची व्याजं तपासणाऱ्या या माणसाने स्वतःचा हप्ता कधी दोनशे चाळीसने गुणून पाहिला नव्हता. आचाऱ्याच्या घरी चूल थंड म्हणतात, त्यातला प्रकार.

पण विद्याधर रडणाऱ्यांतला नव्हता. एकदा एखादी गोष्ट मनावर घेतली की तो त्या गोष्टीसकट स्वतःला आणि घरच्यांनाही तडीस नेत असे. तीन संध्याकाळी बसून त्याने आकडेमोड केली आणि निघालं ते असं: दरमहा तीस रुपये जास्त भरले तर उरलेलं कर्ज एकोणीसऐवजी दहा वर्षांत फिटतं आणि सुमारे सत्तावीसशे रुपये वाचतात. ते तीस रुपये कुठून काढायचे तेही त्याने ठरवलं. मासळी आठवड्यातून तीनदा येते ती एकदा. वडलांची, म्हणजे भाऊंची, तपकीर निम्मी, आणि दोन वर्तमानपत्रांचं एक. बायकोची, म्हणजे माणिकची, वेणी फक्त सणाला. रविवारी जेवताना त्याने ही यादी वाचून दाखवली. भाऊंनी सोलकढी मागितली. माणिकने 'हो का' म्हणून ती वाढली. आणि मंगळवारी घरात पुन्हा पापलेट आलं.

आकडे यांच्या कानात शिरत नाहीत, तर पायाखाली घालू, असं म्हणून विद्याधर वाण्याकडून दोन आण्यांचा गेरू घेऊन आला.

बारा हजारांना चारशे फूट, म्हणजे फुटाला तीस रुपये. भरलेले चार हजार आणि फिटलेले दोनशे तेरा, म्हणजे एकशे चाळीस फूट. टेप लावून मोजलं तर गॅलरी त्र्याहत्तर भरली आणि स्वयंपाकघर बरोब्बर साठ. उरलेल्या सात फुटांसाठी त्याने बाहेरच्या खोलीत दारापाशी, चपला काढतात तिथे, साडेतीन बाय दोनचा चौकोन आखला. मग गॅलरीच्या आणि स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी गेरूची जाड रेघ ओढली आणि सगळ्यांना गोळा करून सांगितलं की, रेघेपलीकडे गॅलरी आणि स्वयंपाकघर आपलं, दारातला चौकोन आपला. दोन्ही खोल्या पतपेढीच्या. तिथे पाऊल टाकताना प्रत्येकाने ते लक्षात ठेवायचं.

घरच्यांनी ते फारच लक्षात ठेवलं. दुसऱ्या दिवशी सकाळी माणिकने स्वयंपाकघर आणि गॅलरी झाडली आणि केरसुणी कोपऱ्यात उभी केली. खोल्यांचं काय, असं विचारल्यावर म्हणाली की, परक्याच्या घरात केर काढायला ती काय मोलकरीण आहे? भाऊंनी आपली आरामखुर्ची, चंची आणि वळकटी गॅलरीत हलवली. उभ्या जन्मात कुणाच्या मिंधेपणात राहिलो नाही, आता म्हातारपणी पतपेढीच्या खोलीत कशाला निजू, असं ते म्हणाले. पहाटे उठल्या उठल्या चहा लागतो आणि मधे परक्याची हद्द ओलांडावी लागते, म्हणून त्यांनी जुना स्टोव्ह दुरुस्त करून गॅलरीतच मांडला. तो पेटला की शेजारच्या तिन्ही बिऱ्हाडांना ऐकू जाई.

दोन दिवसांनी सरूबाई आली. ही वेसाव्याची कोळीण, माणिकची ठरलेली. तिची पाटी मात्र ऊन असो की पाऊस, दाराबाहेरच राहायची. फरशीला वास लागतो म्हणून माणिकचा तसा कायदाच होता. सरूबाईने बाहेरूनच रेघा पाहिल्या, गॅलरीतला स्टोव्ह पाहिला आणि आवाज खाली आणून विचारलं, "बाय, वाटनी झाली काय गं?"

माणिकने नवऱ्याकडे बोट दाखवलं. ऐकायला तयार असलेलं पहिलंच माणूस भेटलं म्हणून विद्याधरने तिला हप्ता, व्याज, मुद्दल सगळं समजावलं. सरूबाईने बोंबील मोजता मोजता ऐकलं आणि म्हणाली, "आमच्या होडीचं तेच झालं, दादा. व्याज आधी पोटभर जेवतं, मुद्दलाला उष्टं मिळतं. कर्ज नवं हाय तवाच त्याला हान. मागून हानून काय फायदा नाय."

विद्याधर थक्क झाला. जे काढायला त्याला तीन संध्याकाळी लागल्या ते या बाईने बोंबलाबरोबर सांगून टाकलं होतं. पण सरूबाईने पुढच्या दारी सांगितलं ते व्याजाचं नाही. कर्णिकांनी घरात रेघा मारल्या आणि म्हाताऱ्याने गॅलरीत वेगळा स्टोव्ह मांडला, एवढंच सांगितलं. अंधेरीत तेव्हा वाटणीशिवाय घरात रेघ मारण्याचं दुसरं कारण कुणाला माहीतच नव्हतं. तिसऱ्या इमारतीपर्यंत म्हाताऱ्याचा विद्याधरचा सासरा झाला, पाचव्या इमारतीत त्याचा परका माणूस झाला, आणि शनिवारी पतपेढीत बातमी पोचली की कर्णिकांनी गॅलरी भाड्याने दिली.

रविवारी सकाळी पतपेढीचे तपासनीस साळवी दारात उभे राहिले. त्यांनी चौकोनातल्या चपला पाहिल्या, न झाडलेल्या खोल्या पाहिल्या, रेघा पाहिल्या. तेवढ्यात गॅलरीत स्टोव्ह फरफरू लागला. साळव्यांनी वही उघडली.

"तिकडे कोण राहतं?"

"मी राहतो," भाऊ आतून म्हणाले. "गॅलरी माझी आहे."

साळव्यांनी लिहून घेतलं. मग गहाणखताचं अकरावं कलम वाचून दाखवलं. पोटभाडेकरू ठेवल्यास राहिलेलं सगळं कर्ज एक महिन्यात परत करावं लागेल, नाहीतर जागा जप्त. सात हजार सातशे शहाऐंशी रुपये सात आणे, एक महिन्यात. विद्याधरला घाम फुटला. त्याचा पगार दोनशे दहा रुपये होता.

"अहो साहेब, पोटभाडेकरू कसला," तो घाईने म्हणाला, "तुम्ही उभे आहात ही खोली तुमची आहे."

"आमची?"

"पतपेढीची. मी नुसता राहतो."

साळव्यांनी चष्म्यावरून पाहिलं. "म्हणजे आमच्या खोलीत तुम्ही, आणि तुमच्या गॅलरीत हे गृहस्थ. मग भाडं कोण कोणाला देतं?"

विद्याधर जितकं समजावत गेला तितकं प्रकरण चिघळत गेलं. मुद्दलाचा फूट आणि व्याजाचा फूट यातला फरक तो सांगू लागला, आणि साळव्यांनी नवं पान उलटलं. घर हातचं चाललंय हे त्याला स्पष्ट दिसत होतं. ज्याच्यासाठी एवढी अक्कल पाजळली तेच घर, आणि घालवणारा दुसरा कुणी नाही.

तेव्हा माणिक पदराला हात पुसत स्वयंपाकघराच्या रेघेशी येऊन उभी राहिली.

"साहेब, गॅलरीत राहतात ते माझे सासरे. त्यांच्या प्रॉव्हिडंट फंडाचे बावीसशे घरात गेले. गॅलरी त्यांची. हे स्वयंपाकघर माझं. माझ्या पाटल्या, तोडे आणि आईने घातलेला चंद्रहार, सगळे मिळून अठराशे आले. साठ फूट होतात, मी मोजलेत. यांनी स्वतः वर्षभर राबून मिळवले ते दारातले सात फूट. तेव्हा पोटभाडेकरू लिहायचाच असेल तर यांचं नाव लिहा. जेवतात माझ्या जागेत, हवा खातात भाऊंच्या, निजतात तुमच्या. भाडं कुणालाच देत नाहीत."

साळव्यांनी आधी वहीकडे पाहिलं, मग विद्याधरकडे, आणि वही मिटली. भाऊंनी गॅलरीतून विचारलं की साखर किती. चहा पिऊन झाल्यावर साळव्यांनी शेरा लिहिला: पोटभाडेकरू आढळला नाही, खोल्या झाडून घ्याव्या.

ते गेल्यावर विद्याधरने आपला हिशेबाचा कागद काढला. घराची खरी किंमत त्याने आण्यापर्यंत काढली होती. तेरा हजार सातशे पंचावन्न आणि वरचे चार, सतरा हजार सातशे पंचावन्न. त्या चार हजारांच्या समोर त्याने 'रोख' असं लिहिलं होतं. चंद्रहार विकला त्या दिवशी माणिक दागिन्यांची रिकामी डबी घेऊन घरी आली होती आणि त्या डबीत तिने मोहरी भरली होती, हे त्याला आत्ता आठवलं. वर्षभर तो फोडणीचा वास घेत होता. त्याला मनापासून लाज वाटली, आणि तसं त्याने तिला सांगितलंही.

"चंद्रहाराचं राहू द्या," माणिक म्हणाली. "तीस रुपयांचं बोला. ते भरायचे आहेत ना?"

"भरायचेच."

"मग माझी यादी ऐका."

माणिकची यादी लहान होती. इराण्याकडचा दुपारचा चहा आणि ब्रूनमस्का, साडेसात रुपये. सिगारेटी, नऊ. पानं, साडेतीन. शनिवारी पत्त्यांत हरता ते, दहा. बेरीज बरोब्बर तीस. पत्त्यांचा आकडा हिला कुठून कळला, हे विचारण्याची हिंमत विद्याधरला झाली नाही. भाऊ गॅलरीतून म्हणाले की, सून हेडक्लार्क व्हायला हवी होती.

पण माणूस निश्चयाचा, हे आधीच सांगितलंय. विद्याधरने सगळं सोडलं. दुपारी डब्यातली पोळी खाऊन तो पाणी प्यायचा आणि इराण्यासमोरून मान वळवून जायचा. उंबऱ्यांच्या रेघा त्याने स्वतः पुसल्या, दोन्ही खोल्या स्वतः झाडल्या. भाऊ आत आले, स्टोव्ह तेवढा गॅलरीतच राहिला. एक चौकोन मात्र विद्याधरने ठेवला. जास्तीचे तीस रुपये म्हणजे महिन्याला एक फूट, वर हप्त्यातल्या मुद्दलाचा अर्ध्याहून थोडा जास्त. दर महिन्याच्या पाच तारखेला पावती घेऊन तो यायचा, गुडघे टेकून गेरूची रेघ पुढे सरकवायचा आणि उठताना कंबर धरायचा. शेजारी आता काही विचारत नसत.

वर्ष संपलं तेव्हा त्याचे सत्तावीस फूट झाले होते. एक माणूस नीट पाय पसरून निजेल एवढी जागा, आणि तीत ना भाऊंचा पैसा, ना माणिकची पाटली. त्या रविवारी त्याने चौकोन नव्याने ठसठशीत आखला, मधोमध खुर्ची टाकली आणि पायावर पाय टाकून बसला. आयुष्यात प्रथमच आपण जागेचे मालक आहोत असं त्याला वाटत होतं.

सरूबाई आली. ऊन कडक होतं. तिने दाराबाहेर पाटी उतरवली, घाम पुसला आणि चौकोनाकडे पाहून विचारलं, "ही जागा अजून पतपेढीची काय?"

"नाही," विद्याधर म्हणाला. "माझी. माझ्या एकट्याची."

सरूबाईने आत पाहिलं. स्वयंपाकघरातून माणिक म्हणाली, "हो, त्यांचीच आहे. तिथे पाटी ठेवलीस तरी चालेल."

सरूबाईने पाटी उचलून आत आणली. "जरा उठ, दादा," ती म्हणाली, "खाली पानी सांडंल." आणि विद्याधर खुर्ची उचलून मुकाट्याने पतपेढीच्या जागेत जाऊन बसला.