बिनफटीची जाळी

घाटंजीच्या भगवानरावांना सख्ख्या भावाचं तोंड पाहायचं नव्हतं, म्हणून त्यांनी जानेवारीत व्हरांड्याला तिन्ही बाजूंनी प्लास्टिकची जाळी लावायला घेतली. बारीक नक्षीची, पलीकडचं धड न दिसणारी. शेजारचं अंगण त्या भावाचं, अमरचं. दोघांचं बिनसलं होतं दोन शेतांमधल्या धुऱ्यावरच्या बोरीवरून. बोर कधीच वाळली, अबोला मात्र टवटवीत होता.

"भाऊ, कडेनं बोटभर फट ठेवा लागते," जाळी बसवणारा रिजवान म्हणाला. "आता थंडी हाय. उन्हात हे फुगते."

"फटीतून त्याचं थोबाड पाहू का? घट्ट ठोक."

आत व्हरांड्यातच खाटेवर म्हातारी माय, तानाबाई. पाय गेलेले, डोळे शाबूत. "ठेव ना रे फट. अमर दिसते मले तेवढाच."

"माय, तू मेली तरी मी त्याच्या आंगनात पाय ठेवत नाई."

"मंग माह्या मरायची वाट काहून पाह्यतं? आत्ताच जाऊन ये."

रिजवान हसला आणि त्यानं जाळी घट्ट ठोकली. म्हातारीनं कूस वळवून जाळीकडे तोंड केलं.

मे महिन्यात प्लास्टिक वाढलं. वाढायला जागा नाही, म्हणून जाळीचं पोट अमरच्या अंगणात सुटलं. भगवानरावांनी ते तारेनं आवळलं. मग जाळीनं व्हरांड्याच्या दाराची चौकट दाबली. दार सकाळी उघडायचं, दुपारी अडकायचं.

"दुपारी बाहेर जाते कोन?" भगवानराव म्हणाले.

गेली ती तानाबाईच. भर दुपारी, जाळीकडे तोंड करून.

भगवानरावांनी हंबरडा फोडला. दाराला आतून लाथा घातल्या, पण दार ढिम्म. बाहेर गल्ली जमली. तेवढ्यात अमरनं पलीकडून फुगलेली जाळी दोन्ही हातांनी ओढली. स्क्रू उडाले आणि तो मायच्या खाटेशी येऊन रडत बसला. 

मायला त्याच वाटेनं बाहेर काढलं. तिरडी अमरच्या अंगणात बांधली. थोरल्या मुलानं विस्तवाचं मडकं धरून पुढं चालायचं असतं. भगवानराव त्या अंगणातून चालले.

सांजेला स्मशानातून परतले तेव्हा ऊन निवलं होतं. भगवानरावांनी सवयीनं दाराला हात लावला. ते अलगद उघडलं.

"आता उघडलं," अमर म्हणाला. इतक्या वर्षांतलं त्याचं पहिलं वाक्य.

 चिडावं तर कुणावर, तेच भगवानरावांना कळेना. मग त्यांनी दार पुन्हा ओढून घेतलं आणि वळसा घालून अमरच्या अंगणातून, उघड्या पडलेल्या बाजूनं घरात गेले.