अकराव्या प्रकरणाचं दहावं

माझी कादंबरी ऐकून अख्खी चिंचणी रडेल, असं मी बायकोला, सुलूला, छातीठोकपणे सांगितलं होतं. बेचाळीसची चळवळ, प्रेम, सूड, सगळा मसाला ठासून भरला होता! नायक बळवंत, नायिका रखमा आणि एक महादुष्ट फौजदार.

दिवसा बोईसरच्या कारखान्यात कारकुनी, संध्याकाळी घरमालकीण गोजरामावशीच्या ओटीवर वाचन. मावशीचा नवरा आत्माराम बेचाळीसच्या धामधुमीत मुरबे गावाहून होडीत बसला, तो परतलाच नाही. लोक म्हणत, दहावं उरकून टाक. ती म्हणे, "मरनाची खबर नाय, तं दहावं कुनाचं?" कुंकू मात्र रोज ठसठशीत. माझ्या बळवंतची होडी, त्याचं डावखुरं वल्हवणं, त्याची शीळ, सगळं मी तिच्याच तोंडून घेतलेलं.

अकराव्या प्रकरणात मी बळवंतला वैतरणेच्या खाडीत गोळी घातली. वाचताना आवाजही कापरा केला. मावशी उठून आत गेली.

"बघ! रडली!" मी सुलूला म्हटलं.

सकाळी मावशीची चूल बंद. कपाळ मोकळं. शेजारचा भिका पिठलं-भात घेऊन आला आणि माझाच हात धरून म्हणाला, "लय वाईट झालं."

"अहो, ती गोष्ट आहे!"

"व्हय. पन गोळी लागली कुठं?"

"छातीत," मी म्हणालो. काय करणार! लिहिलंच तसं होतं.

आमच्याही घरात मासे बंद झाले. मी मावशीचे पाय धरले. "मावशी, बळवंत खोटा हो! आजच त्याला खाडीतून जिवंत बाहेर काढतो!"

"नको रे. गोष्ट हाय, ठावं हाय मला. पन होडीत बसला, तवरचंच मला ठावं व्हतं. पुढचं आजवर कुनी सांगितलंच नाय. तू सांगितलंस. आता त्याला परत नको आनू."

मी दहाव्यासाठी गुरुजी ठरवायला निघालो.

दहाव्याला समुद्रावर पिंड ठेवला. कावळा शिवेना. गुरुजी घामाघूम.

"सूड राह्यला ना!" भिका म्हणाला. सगळे माझ्याकडे बघायला लागले.

मी हात जोडले. "बाराव्या प्रकरणात फौजदाराला मारतो!" कावळा ढिम्म. "हालहाल करून मारतो!" कावळ्याने मान फिरवली!

मावशी लांब बायकांत उभी होती. ती पुढे आली, पिंडासमोर वाकली. "जावा आता. मी येळेवर जेवते. माजी काळजी करू नका."

कावळा झेपावला. अख्खी चिंचणी रडली. सगळ्यांत जास्त मी.

सुतक फिटल्यावर मी बारावं प्रकरण घेऊन ओटीवर बसलो. पानोपानी सूड!

"फौजदार ऱ्हाऊ दे," मावशी म्हणाली. "कायतरी हसायचं लिव."

तीच ही गोष्ट. परवा तिला वाचून दाखवली. एकदाही हसली नाही.

"कावळा तेवढा बरा लिवलायस," म्हणाली.