चहाभाताचा सरळ अर्थ

शेजारच्या इवाओनं लोणच्याच्या पिंपावरचा दगड उचलला आणि त्याच्या कमरेत उसण भरली, तेव्हा मी नुसतं "अरेरे" म्हणून घरी यायला हवं होतं. त्याऐवजी मी म्हणालो, "माझ्यासारखं काही काम असेल तर सांगा." असं म्हणायची आमच्याकडे रीत आहे. त्यावर समोरच्यानं "छे छे, तुम्ही कशाला त्रास घेता" म्हणायचं, हीसुद्धा रीत आहे. पण इवाओ पडला वेदनेत. त्यानं रीत सोडली आणि म्हणाला, "शनिवारी माझ्याऐवजी पाहुण्यांना तेवढं फिरवून आणा, सर."

हे फिरवणं म्हणजे माझ्या बायकोच्या, किनुएच्या, जिवाचा विषय. खालच्या गावात हानाओकाबाई एक छोटी सहल कंपनी चालवतात. सकाळी स्टेशनवर पाहुणे उतरवून घ्यायचे, पाण्यानं भरलेल्या भातखाचरांच्या बांधांवरून वरच्या देवळापर्यंत न्यायचे, तिथून बर्फाचे डोंगर दाखवायचे आणि दुपारी आमच्या घरी आणून त्यांच्याच हातानं ओयाकी करायला लावायच्या, अशी योजना होती. पिठाच्या गोळ्यात पाल्याचं लोणचं भरायचं आणि चुलीच्या राखेत भाजायचं. लोकांकडून कामही करून घ्यायचं आणि वर पैसेही घ्यायचे, हे मला आधी पटेना. (मग आठवलं, विद्यापीठात आम्ही दुसरं काय करत होतो?)

पण अजून काहीच पक्कं नव्हतं. हानाओकाबाईंचा डोळा पलीकडच्या खोऱ्यावरही होता. तिथे पाणचक्की आहे, आणि किनुएची चुलतबहीण सेत्सु आहे. सेत्सुचा स्वयंपाक किनुएपेक्षा चांगला आहे, असं सेत्सु म्हणते. शनिवारी हानाओकाबाई स्वतः पाहुण्यांबरोबर चालणार होत्या आणि सहल कुठल्या खोऱ्यात न्यायची ते ठरवणार होत्या. किनुएनं त्यासाठी माजघरातली फळ्या ठोकून बुजवलेली चूल पुन्हा उकरून काढली होती. लग्न झाल्यापासून तिनं रांधलं ते माझ्या पोटाला सोसेल असंच. मला अल्सरची भीती आहे (अल्सर नाही, फक्त भीती), त्यामुळे मी कधी दुसऱ्यांदा वाढून घेतलेलं नाही. कुणीतरी आपल्या चुलीपाशी बसावं आणि "आणखी एक द्या" म्हणावं, एवढंच तिला हवं होतं.

मी जाणार म्हटल्यावर ती म्हणाली, "अहो, तुम्ही नुसते चाला. बोलू नका. आणि बोललातच, तर विचार करू नका."

हे मला जमलं असतंही. पण आदल्या दिवशी हानाओकाबाईंचा फोन आला, की पाहुणे क्योतोचे आहेत.

निवृत्त होऊन या गावी येण्याआधी माझी सगळी नोकरी क्योतोत झाली. त्या शहरात कुणी काही सरळ बोलत नाही. शेजारीण म्हणाली, "तुमच्या मुलीचा पियानोवर हात किती छान बसलाय हो," तर त्याचा अर्थ, खिडक्या लावून घ्या. मी तिचे आभार मानले आणि मुलीला आणखी मोठा पियानो आणला. (शेजाऱ्यांनी घर बदललं.) पाहुणा उठेना की यजमान प्रेमानं विचारतो, "थोडा चहाभात घेता का?" उरलेल्या भातावर गरम, बिनदुधाचा चहा ओतला की झाला चहाभात. पण तिथे त्याचा अर्थ, आता निघा. खरोखर "घेतो" म्हणणाऱ्या माणसाला त्या शहरात पुन्हा कुणी बोलावत नाही. मी घेतो म्हणालो होतो. डीनच्या घरी.

आणि माझा पीएचडीचा प्रबंध सभ्य भाषेतल्या नकारांवर आहे. तेव्हा या वेळी मी ठरवलं, की एकही शब्द वरवर घ्यायचा नाही.

स्टेशनवर पाच बायका आणि एक पुरुष उतरले. चेहरे उन्हानं रापलेले. मला वाटलं, सुखवस्तू माणसं, गोल्फ खेळत असतील. बोलणं जरा रांगडं होतं. मला वाटलं, मला खेडवळ गाईड समजून मुद्दाम माझ्या पातळीवर उतरून बोलताहेत. (मी भाषाशास्त्राचा माणूस आहे, हे पुन्हा सांगायची गरज नाही.) मी आमच्या गावाच्या नावाची व्युत्पत्ती सांगायला सुरुवात केली. आठव्या शतकापर्यंत पोचलो असेन, तोच त्यांच्यातल्या पुढारी मासुएबाई म्हणाल्या, "सरांचं घड्याळ काय सुरेख आहे."

मी समजलो, की किती वेळ झाला ते पाहा. आठवं शतक तिथेच टाकलं आणि चालायला लागलो.

बांधावर आल्यावर मासुएबाईंचे यजमान तोकुजी छाती भरून म्हणाले, "हवा किती मोकळी आहे इथे." म्हणजे इथे हवेशिवाय काही नाही. मी गावातर्फे माफी मागितली, की पूर्वी एक दुकान होतं, तेही बंद पडलं. ते गोंधळून हानाओकाबाईंकडे पाहायला लागले. मग वातावरण सावरायला मी बेडकांच्या आवाजाला जुन्या भाषेत किती क्रियापदं होती ते सांगितलं. त्यावर एक बाई म्हणाल्या, "सरांना किती माहिती आहे. ऐकतच राहावंसं वाटतं."

याहून स्पष्ट माणूस काय सांगणार? मी तोंड मिटलं, ते मिटलंच. सगळी मंडळी माझ्यामागून गुपचूप चालायला लागली. मला दम लागला असेल असं वाटून मासुएबाईंनी मला एक गोळी चघळायला दिली. मी त्यातूनही अर्थ काढला, की तोंड बंदच ठेवा.

देवळाकडे जाणारी चढण आली. सगळ्या सहलीचा प्राण म्हणजे वरून दिसणारा देखावा. खाली पायऱ्यापायऱ्यांची खाचरं आणि प्रत्येक खाचराच्या पाण्यात एकेक पांढरा डोंगर उलटा. मासुएबाईंनी चढणीकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "वा, आम्हाला चढायला फार आवडतं."

मी तिथूनच सगळ्यांना मागे फिरवलं.

हानाओकाबाई माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाल्या, "सर, वर नाही का जायचं?" मी त्यांच्या कानात सांगितलं, की पाहुण्यांची इच्छा नाही, तुम्हाला ते कळणार नाही, मला कळतं. त्यांनी पलीकडच्या खोऱ्याकडे एक नजर टाकलेली मी पाहिली.

अशा रीतीनं आम्ही वेळेच्या फारच आधी घरी येऊन थडकलो. किनुए मागच्या वाफ्यात चिखलानं माखलेल्या पायजम्यात कांद्याची पात उपटत होती. कणीक अजून भिजायची होती, चुलीत राख होती पण निखारा नव्हता. पाहुण्यांना माजघरात बसवून मी मागे गेलो.

"डोंगर पाहून झाले इतक्यात?" तिनं विचारलं.

मी सगळं समजावून सांगितलं. घड्याळ, हवा, चढण. तिनं ऐकून घेतलं आणि कपाळावर हात मारून घेतला. मग ती म्हणाली, की चूल पेटेपर्यंत पाहुण्यांना उपाशी कसं ठेवायचं, सकाळचा भात आहे, चहा उकळतोच आहे, चहाभात देऊ या.

मी दारात आडवा उभा राहिलो. सांगितलं, की बाकी काहीही दे, कच्ची पात दे, पण क्योतोच्या माणसांना चहाभात विचारणं म्हणजे त्यांच्या हातात चपला देणं. ती म्हणाली, "अहो, सरका." आणि हात धुऊन, माझ्या बगलेखालून वाकून आत गेली. मला तिचा आवाज ऐकू आला. आयुष्यभर तिच्या आवाजात इतका गोडवा मी ऐकला नव्हता.

"चालून दमला असाल. थोडा चहाभात घेता का?"

आत शांतता पसरली. (नंतर कळलं, एका बाईंच्या पायाला मुंग्या आल्या होत्या, सगळे तिकडे पाहत होते.) मुंग्या झटकायला त्या बाई उठून उभ्या राहिल्या. माझ्या डोळ्यांपुढे सगळं दिसायला लागलं. पाहुणे चालते झालेत, सहल पाणचक्कीपाशी गेलीय, सेत्सु हसतेय आणि किनुए त्या चुलीवर पुन्हा फळ्या ठोकतेय. मी धावत माजघरात गेलो, गुडघ्यांवर बसलो आणि कपाळ चटईला टेकलं.

"मंडळी, कृपा करून जाऊ नका," मी म्हणालो. "माझी बायको डोंगरातली आहे. तिच्या चहाभाताचा अर्थ चहाभात एवढाच आहे."

मासुएबाई म्हणाल्या, "मग दुसरा काय असणार, सर?"

मी मान वर केली. आता लपवण्यासारखं काही राहिलंच नव्हतं. मी क्योतोचे अर्थ एकेक करून सांगितले. तोकुजींनी शांतपणे ऐकलं आणि म्हणाले, "आम्ही क्योतोचे खरे, पण प्रांताचे, शहराचे नव्हे. आम्ही पार उत्तरेकडचे, समुद्राकाठचे. मासे धरतो. क्योतो शहरात जायचं तर आम्हालाही देवाचं नाव घेऊनच निघावं लागतं."

"म्हणजे घड्याळ?"

"छान आहे म्हणून छान म्हटलं," मासुएबाई म्हणाल्या. "आणि बेडकांचं अर्धवट का सोडलंत? आम्हाला वाटलं, आमचं काहीतरी चुकलं." मग त्यांना एकदम काहीतरी सुचलं आणि त्या नवऱ्याकडे वळल्या. "अहो, शहरातल्या त्या व्यापाऱ्याकडे आपल्याला चहाभात विचारला होता, आठवतं?"

"आठवतं की. मी तीन वाट्या खाल्ल्या," तोकुजी म्हणाले, आणि जरा थांबून, "तरीच तो हल्ली फोन उचलत नाही."

त्यानंतर जे हसणं सुरू झालं ते चूल पेटेपर्यंत टिकलं. चहाभात संपला. कणीक भिजली. मासे साफ करणाऱ्या त्या बायकांनी ओयाकी अशा काही झपाट्यानं वळल्या, की किनुएला लोणच्याचं आणखी एक पिंप उघडावं लागलं. (दगड मी उचलला नाही.) राखेतून पहिली ओयाकी निघाली. तोकुजींनी ती दोन्ही हातांत नाचवत फुंकली, खाल्ली, आणि रिकामा हात पुढे करून म्हणाले, "वहिनी, आणखी एक."

किनुए लगेच चुलीकडे वळली आणि बराच वेळ राख उकरत राहिली. धुरानं डोळ्यांत पाणी आलं, असं ती म्हणाली. मी ते सरळच घेतलं.

दुपारी सगळे देवळापर्यंत चढले. वारा पडला होता आणि डोंगर पाण्यात नीट उलटे उभे होते. मी बेडकांची उरलेली क्रियापदं सांगितली. हानाओकाबाईंनी तिथेच जाहीर करून टाकलं, की सहल याच खोऱ्यात, दर शनिवारी, किनुएताईंच्या चुलीवर.

गाडीत बसताना त्या मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "सर, तुमच्यासारख्या विद्वानाला पुन्हा असं उन्हात चालवायचं माझ्या जिवावर येतं. तुम्ही आता घरी बसून निवांत वाचन करावं." मी त्या दिवसापुरता शहाणा झालो होतो. शब्दांचा सरळ अर्थ घ्यायचा हे शिकलो होतो. मी म्हणालो, छे छे, मला ऊन अगदी मानवतं, पुढच्या शनिवारी स्टेशनवर आधीच येऊन थांबतो. त्यांनी इवाओची कमर झपाट्यानं सुधारतेय असंही दोनदा सांगितलं. मी म्हणालो, वा, ही फार आनंदाची गोष्ट आहे.

घरी येऊन मी हे किनुएला सांगितलं. बाईंना माझ्या प्रकृतीची केवढी काळजी आहे, म्हणालो.

"अहो," ती भांडं घासत म्हणाली, "त्यांनी तुम्हाला काढून टाकलंय."

मी चुलीपाशी बसलो. जरा वेळानं विचारलं, की मग दर शनिवारी मी करायचं काय?

"काही करू नका," ती म्हणाली. "पाहुण्यांसारखे या, बसा, जेवा."

हे ऐकून मला इतकं बरं वाटलं, की त्या दिवशी जन्मात पहिल्यांदा मी दुसरी ओयाकी मागून घेतली. पण आता ती पचता पचेना. पाहुण्यांसारखे, म्हणजे तिला नेमकं काय म्हणायचं होतं?

(पाहुणे संध्याकाळच्या गाडीनं जातात.)