दुसऱ्या मुलीचा आवाज

आजचं गाणं हेडफोनवर नाही, स्पीकरवर लावायचं, एवढाच निर्णय कानसेनांनी त्या संध्याकाळी घेतला. (पाणीपट्टी कार्यालयात त्यांना कानसेनच म्हणतात. फायलींपेक्षा कान जास्त चालतात म्हणून.)

जुन्या, सहसा न मिळणाऱ्या रेकॉर्डी लॉसलेसमध्ये, म्हणजे मूळ आवाजातलं काहीही न गाळता, जमवायचा त्यांना भारी नाद. आज तर घबाडच हाती लागलं होतं. चार मुलींच्या एका विसरल्या गेलेल्या गायनवृंदाची एकुलती एक रेकॉर्ड, शेवटच्या खरखरीसकट!

"ती दुसरी मुलगी ऐक," ते बायकोला म्हणाले. "असा गळा आता शोधून सापडायचा नाही."

"मला तर आईचा आवाज वाटतोय."

"काहीतरीच! तुझी आई गुणगुणायला लागली की मी दार लावून घेतो." (सासूबाई शेजारच्याच खोलीत होत्या. दार आज उघडं होतं.)

गाणं संपलं. थोडी खरखर झाली आणि ती दुसरी मुलगी ठसक्यात म्हणाली, "माझी चप्पल कोणी घातली गं?"

कानसेन ताडकन उठले आणि मटकन बसले. हा प्रश्न, याच ठसक्यात, ते रोज सकाळी ऐकत होते. (चप्पल बहुधा त्यांनीच घातलेली असते.)

सासूबाई दारात आल्या. "अगंबाई! हे अजून आहे?"

"आई, तुम्ही?" कानसेन म्हणाले. "अहो, जगात हिच्या तीनच प्रती उरल्यात!"

"उरतील नाहीतर काय? खपल्याच तीन. बाकीच्या पातेल्यांवर झाकणं म्हणून गेल्या."

"इतकी वर्षं बोलला का नाहीत?"

"तुम्ही कधी विचारलंत, जावईबापू?"

कानसेनांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्यांनी तडक आपल्या संग्राहक मित्राला फोन लावला. रविवारी मित्र माइक घेऊन हजर! सासूबाई हॉलमधल्या खुर्चीत बसून तेच गाणं पुन्हा गायल्या, आणि बायको पदराआड डोळे पुसत राहिली. कानसेनांना मात्र मित्राने स्वयंपाकघरात पिटाळलं होतं. "तुम्ही चहाचं बघा. आणि कप वाजवू नका."

ते लॉसलेस रेकॉर्डिंग आता देशोदेशीच्या संग्राहकांकडे पोचलंय. सगळे वेडे झालेत. एकाचीच तक्रार आली: "आजींचा आवाज अप्रतिम. पण ऐन तानेत 'साखर किती घालू?' विचारणारा तो नोकर काढून टाकता येईल का?"