देवरावांचा अहंकार गेला!

देवरावांचा अहंकार गेला होता. ही बातमी खुद्द देवरावच जरीपटका वस्तीत भेटेल त्याला सांगत होते! विपश्यनेच्या शिबिरात दहा दिवस तोंड बंद ठेवल्याची भरपाई चालली होती. "राग अनित्य, लोभ अनित्य! मी म्हणजे कोण? कोणीच नाही! समजलं का गा?" भाजीवाला बिचारा मान डोलवायचा आणि भेंडी तोलायचा.

"अहंकार गेला तर रुपरावभाऊजीले एक फोन करा ना," बायको प्रेमिला म्हणाली.

रुपराव हा पारशिवनीला राहणारा त्यांचा सख्खा धाकटा भाऊ. त्याच्या पोरीच्या मंगल परिणयाच्या पत्रिकेत देवरावांचं नाव नवरीच्या मामाच्या खाली छापलं गेलं, आणि तेव्हापासून दोघांची बोलचाल बंद! आतून जीव तुटायचा, पण थोरल्या भावानं आधी कसं बोलायचं?

"फोनगिन नाही. रविवारी विहारात बोलाव त्याले. सगळ्यांसमोर माफ करतो!"

रविवारी वंदना झाली आणि देवराव मांडी घालून ध्यानाला बसले. पाठ ताठ, चेहऱ्यावर अपार शांती. बऱ्याच वेळानं दारात चपला वाजल्या. देवरावांनी एक डोळा किंचित उघडला. रुपरावच! डोळा पुन्हा बंद. सगळी वस्ती बघत होती. लगेच उठलं तर ध्यान कच्चं ठरलं असतं!

"जयभीम भाऊ," रुपराव समोर बसून म्हणाला. "चुकलं माह्यं."

देवराव हलले नाहीत. अजून एकदा म्हणू दे, मागच्या रांगेला ऐकू गेलं नसेल!

"भाऊ, बोला ना!"

देवराव दगड. शेवटी रुपराव उठला आणि प्रेमिलाकडे वळला. "वैनी, भाऊचा राग नाही गेला अजून. मी निघून राहिलो."

हा आता कायमचा गेला! ते ताडकन उठले. पण दोन्ही पाय केव्हाच बधिर झालेले. कसेबसे लटपटत दारापर्यंत गेले आणि चपला घालणाऱ्या रुपरावच्या पायांवर धाडकन कोसळले.

"साधू! साधू! साधू!" सगळा विहार एका सुरात वाहवा करत म्हणाला.

"भाऊ! तुमी मोठे, अन् माह्या पाया पडून राहिले?" रुपराव त्यांना उठवायला वाकला.

पाया कुठला पडतो, नुसता पडलो, असं ओरडून सांगावंसं देवरावांना वाटलं. इभ्रतीचा प्रश्न होता! पण वर पाहिलं तर भावाच्या डोळ्यांना धार लागलेली. माफी मागायला आलेल्या माणसाला आपण लोकांना दाखवायला ताटकळत ठेवलं! देवरावांना इतकी लाज वाटली, की ते तसेच पाय धरून पडून राहिले.

घरी चहा घेताना त्यांना राहवेना. "रुपराव, मी पाया नव्हतो पडलो गा. पायाले मुंग्या आल्या होत्या."

"समजलं मले मंग," रुपराव बशीत चहा ओतत म्हणाला. "पण पाय काहून नाही सोडले?"

"उठताच येत नव्हतं!"

"अन् रडून काहून राहिले होते?"

देवरावांनी खिडकीकडे तोंड फिरवलं. "गुडघा फुटला ना माह्या!"

गुडघ्याला साधं खरचटलंसुद्धा नव्हतं.